दस्मानचे जज्जसाहेब

कुवेतमध्ये मी उमेदीची सगळी वर्षं काढली. तिथे रत्नागिरीचे भेटले, पुण्याचे भेटले, पार नांदेड-परभणीकडचेही भेटले. पण एकही परका शब्द न वापरता, प्रत्येक वाक्य नीट शेवटपर्यंत नेऊन मराठी बोलणारा मला तिथे एकच माणूस भेटला, आणि तो इंग्रज होता. आम्ही बाकीचे सगळे ‘बुकरा ऑफिसला ये, मुदीरशी बात करून तुझं काम खलास करून टाकतो’ अशा अरबी, हिंदी आणि इंग्रजीच्या खिचडीलाच मराठी समजत होतो; ‘बुकरा’ म्हणजे उद्या आणि ‘मुदीर’ म्हणजे वरचा साहेब. आणि इकडे हा सहा फूट उंच, उकडलेल्या कोळंबीच्या रंगाचा, पन्नाशी ओलांडलेला गोरा माणूस चहाचा पेला शिपायापुढे धरून शांतपणे म्हणायचा, ‘सदरहू चहा थंड झालेला आहे, सबब तो परत न्यावा.’ शिपाई होता केरळचा. त्याला यातलं अक्षर कळत नसे. पण साहेबांच्या आवाजात असं काही वजन होतं की तो चहा परत नेई आणि गरम करून आणी.

ते तिथले जज्ज होते. त्या काळी कुवेतमध्ये अशी व्यवस्था होती की कुवेती माणसाचा खटला शेखांच्या न्यायालयात चाले आणि इंग्रज, हिंदुस्थानी, पाकिस्तानी अशा मंडळींचा इंग्रजी कोर्टात. आणि त्या कोर्टातले बरेचसे कायदे हिंदुस्थानातूनच आणलेले. शहरातल्या दस्मान भागात समुद्राच्या अंगाला एक बसकी, जाड भिंतींची इमारत होती. तिच्या एका खोलीत कोर्ट, दुसऱ्या खोलीत दप्तर आणि मधल्या बोळात वाळू. मी तिथे स्टेनो म्हणून लागलो तो पन्नास सालानंतर लवकरच. रुजू व्हायच्या दिवशी बोटीवर पाठ केलेलं इंग्रजी वाक्य घेऊन मी साहेबांपुढे उभा राहिलो. ते वाक्य तोंडातच राहिलं. साहेबांनी माझ्या कागदांवरून नजर उचलली आणि विचारलं, ‘आपण कोणत्या तालुक्याचे राहणारे?’

मी दापोली म्हणालो. ‘मौजे?’ मी आंजर्ले म्हणालो. साहेबांनी डोळे मिटले आणि एखादा जुना वास आठवावा तसं म्हणाले, ‘आंजर्ले. फणसाच्या झाडाचा दावा. वादीचा काका धडधडीत खोटं बोलत होता.’ तो काका माझ्या चांगल्या ओळखीचा होता आणि तो खोटं बोलत होता हेही खरं होतं. पण नोकरीचा पहिला दिवस असल्यामुळे मी गप्प राहिलो. एक मात्र झालं. अख्खं कुवेत मला ‘जोगी’ म्हणत असताना साहेब पहिल्या दिवसापासून शेवटपर्यंत मला ‘जोगळेकर’ म्हणत आले, त्यातल्या ‘ळ’सकट.

साहेबांची हकिगत मला तुकड्यातुकड्यांनी कळली. वडील विलायतेतल्या एका लहानशा गावात औषधांचं दुकान चालवत. मुलाला झाडापानांचा नाद, त्याला वनस्पतिशास्त्र शिकायचं होतं. पण वडिलांनी त्याला हिंदुस्थानच्या सरकारी परीक्षेला बसवलं आणि दुर्दैवाने तो पास झाला. पुण्याची जागा वशिल्याच्या माणसाला गेली आणि आमच्या साहेबांच्या वाट्याला रत्नागिरी आली. तिथे पहिल्याच आठवड्यात त्यांच्यापुढे एका कलमी आंब्याचा दावा आला आणि झाडं सुटली नाहीत म्हणून साहेब खूश झाले. पुढली कित्येक वर्षं त्यांनी झाडांचेच खटले चालवले. मूळ एकाच्या जमिनीत, फांदी दुसऱ्याच्या अंगणात आणि फणस पडतो तिसऱ्याच्या कौलावर. मराठी शिकवायला जो मास्तर मिळाला तो कोर्टातला निवृत्त कारकून. त्यामुळे साहेबांचं मराठी म्हणजे दावा अर्जाचं मराठी. गडगा, कुंपण, बांध, मेर, वई यांतला फरक ते झोपेत सांगत. पण ‘गंमत’ या शब्दाचा अर्थ त्यांनी मला चाळिशी पुसत पुसत दोनदा विचारला होता.

स्वातंत्र्य आलं तेव्हा ते खानदेशात मोठे जज्ज होते. हार घालून घेतले, फोटो काढून घेतला आणि विलायतेला गेले. पण तिथे त्यांचा जीव रमेना. बहिणीच्या घरी राहत, वकिली करायला बघत. पण त्या देशात कोणी झाडासाठी भांडतच नाही असं त्यांचं म्हणणं. शेवटी आखाती देशात जज्ज हवा आहे असं कळलं तेव्हा वाळवंट तर वाळवंट म्हणून निघाले. बोट कुवेतला लागली आणि धक्क्यावर दोन माणसं एका ट्रंकेवरून दाभोळकडच्या बोलीत कचाकचा भांडताना दिसली. साहेब सांगत की त्यांनी तिथेच टोपी काढून हातात घेतली आणि भांडण संपेपर्यंत उन्हात उभे राहिले.

हाडाचा जज्ज म्हणतात तो कसा असतो हे मी त्यांच्याजवळ पाहिलं. समोर दोन बाजू आल्या की दोन्ही ऐकून घेतल्याशिवाय त्यांच्याने पाऊल उचलवत नसे. एकदा त्यांना गालिचा घ्यायचा होता म्हणून मी त्यांच्याबरोबर बाजारात गेलो. इराणी दुकानदाराने गालिच्याची तारीफ केली ती साहेबांनी मन लावून ऐकली. मग स्वतःच गालिच्याच्या विरुद्ध बाजूने बोलले. मग दुकानदाराला उत्तर द्यायची संधी दिली. तो बिचारा अर्धा भाव करून टाकायला तयार झाला, तर साहेबांनी हात वर करून त्याला थांबवलं आणि निकाल उद्या देऊ असं सांगून बाहेर पडले. दुसऱ्या दिवशी निकाल द्यायला गेलो तेव्हा गालिचा विकला गेला होता. साहेबांना वाईट वाटलं नाही. निकाल गालिच्याच्या विरुद्धच होता, एवढंच ते म्हणाले.

मोटार चालवायची त्यांची तऱ्हा तर कुवेतभर माहीत होती. गावाबाहेर त्या वेळी रस्ता असा नव्हताच. आधीच्या गाडीच्या चाकोऱ्या दिसत, त्यांवरून जायचं. साहेब त्या उघड्या वाळवंटात वळताना खिडकीबाहेर हात काढून खूण करत, आणि दोन चाकोऱ्या एकमेकींना कापत असतील तिथे गाडी थांबवून उजवीकडे बघत, डावीकडे बघत आणि मगच पुढे जात. एवढी काळजी घेऊनही एके दिवशी पाणीवाल्याच्या गाढवाला त्यांच्या गाडीचा धक्का लागला. गाढव जागेवर बसलं. साहेब त्याच पावली शेखांच्या पोलीस ठाण्यावर गेले आणि आपल्याविरुद्ध फिर्याद घ्या म्हणाले. ठाण्यावरच्या अधिकाऱ्याने त्यांना कॉफी पाजली. साहेबांनी पुन्हा फिर्यादीचं काढलं; त्याने पुन्हा कॉफी ओतली. हा प्रकार पाणीवाला गाढवाला घेऊन, ते चालतंय असं दाखवायला ठाण्यावर येईपर्यंत चालला. पुढे बरेच दिवस साहेब संध्याकाळी गाजरं घेऊन गाढवाच्या तब्येतीची चौकशी करायला जात. पाणीवाल्याने ते गाढव पाण्याच्या कामातून काढलं आणि साहेबांच्या वाटेवर बांधून ठेवायला सुरुवात केली, तेव्हा कुठे त्यांनी जाणं थांबवलं.

या सगळ्या रगाड्यात साहेबांना एकच मौज होती, ती म्हणजे ब्रिज. आठवड्यातून एकदा एका बड्या इंग्रज कंत्राटदाराच्या बंगल्यावर डाव बसे. गोऱ्यांची वस्ती ती केवढी. त्यातले हे ब्रिजचे तिघे-चौघे सोडले तर साहेबांना बोलायला समवयस्क माणूस नव्हता. हा कंत्राटदार ब्रिजमध्ये साहेबांचा भिडू. आणि त्याच बंगल्यावर कासमचाचा खानसामा होता.

कासमचाचा रत्नागिरीच्या किनाऱ्यावरचा. बोटीवरच्या भटारखान्यात उभी हयात घालवून कुवेतला उतरलेला. गावात त्याच्या घराच्या भिंती उभ्या राहिल्या होत्या, छप्पर व्हायचं होतं, आणि ते छप्पर या नोकरीवर होतं. माणूस देवभोळा, कोणाच्या अध्यात ना मध्यात; फक्त माशाच्या बाबतीत त्याला कोणी बोललेलं खपत नसे. एका मेजवानीच्या दिवशी त्याने पापलेटाचं कालवण केलं होतं. कंत्राटदारसाहेब पाहुण्यांसाठी कालवण सौम्य करावं म्हणून स्वतः स्वयंपाकघरात आले, झाकण काढलं आणि डब्यातलं घट्ट दूध त्यात ओतलं. कासमचाचा त्या वेळी मासे साफ करत होता. हातात सुरी तशीच ठेवून तो वळला, कालवणाकडे बघितलं आणि त्याच्या तोंडातून निघून गेलं, ‘मेल्या, मुडदा बशिवला तुजा!’

कंत्राटदाराने तिथल्या उत्तर हिंदुस्थानी बेअराला याचा अर्थ विचारला. बेअराने शब्दाला शब्द लावून सांगितलं की हा म्हणतो, तुमचं प्रेत बसवलं. सुरी होतीच. झालं. फिर्याद गेली, जिवे मारण्याची धमकी असं कलम लागलं आणि कासमचाचा कोठडीत गेला. शिक्षा झाली असती तर तुरुंग आणि मागोमाग बोटीवर घालून परत. पुन्हा कुवेतचं तोंड दिसलं नसतं.

साहेबांना हे कळलं ते ब्रिज खेळताना. कंत्राटदाराने पत्ते लावता लावता हसत सांगितलं की उद्या माझं एक प्रकरण तुमच्यापुढे येतंय. साहेबांनी हातातले पत्ते पालथे घातले आणि उठले. पक्षकाराबरोबर एका टेबलावर बसता येणार नाही, म्हणाले. कंत्राटदार म्हणाला की निदान हा डाव तरी पुरा करा. तेव्हा साहेबांनी चार लिफाफे मागवले, चौघांचे पत्ते ज्याच्या त्याच्या लिफाफ्यात घालून लाखेने बंद केले आणि निकालानंतर इथूनच पुढे खेळू असं सांगून लिफाफ्यांसकट घरी आले. त्यांच्या हातात त्या दिवशी फार चांगली पानं होती. हे मला त्यांनी सांगितलं आणि लगेच, आपण हे सांगायला नको होतं, असंही सांगितलं.

खटल्याच्या दिवशी कोर्टाची खोली भरली होती. कोकणातली झाडून सारी मंडळी आली होती आणि पुढच्या बाकावर गोरे लोक. कोर्टाचे दुभाषी लखनौकडचे, फार खानदानी उर्दू बोलणारे. त्यांनी कासमचाचाला विचारलं की आपण फिर्यादी महाशयांना काय फर्मावलंत. कासमचाचा घाबरून गेलेला. तो आपल्या बोलीत म्हणाला, ‘मना काय ठावं, साहेब. सालन नासला, मी बोललू. मारूचा माज्या मनात पन नाय आला.’ दुभाष्यांनी कान टवकारले, पुन्हा बोलायला लावलं आणि मग मोठ्या दुःखाने कोर्टाला सांगितलं की आरोपी काही अर्थ लागेल असं बोलत नाही.

साहेबांचा चेहरा मी खालून बघत होतो. त्या खोलीत जे बोललं जात होतं ते त्यांना शब्दन् शब्द कळत होतं, आणि कळतंय असं म्हणायची त्यांना सोय नव्हती. जज्ज हा आपल्याच कोर्टात साक्षीदार होऊ शकत नाही. दुभाष्याने जे सांगितलं तेच त्यांनी ऐकलं. कायदा तसा होता आणि कायदा मोडायचा विचार त्यांच्या मनात येणं शक्य नव्हतं. त्यांचे कान हळूहळू लाल झाले. त्यांनी पेन्सिल ठेवली, उचलली, पुन्हा ठेवली. मग सरकारी बाजू मांडणाऱ्या तरुण इंग्रज अधिकाऱ्याला त्यांनी विचारलं की या भाषेचा एखादा जाणकार तपासायला आपली हरकत आहे का. त्याची हरकत नव्हती. साहेबांनी चष्म्यावरून खाली, माझ्याकडे पाहिलं.

मी अडचण मांडली की मी पिंजऱ्यात गेलो तर साक्ष टिपून कोण घेणार. साहेबांनी थोडा विचार करून ठरवलं की साक्षीदाराने स्वतःची साक्ष स्वतःच टिपून घ्यावी, कायद्यात तशी मनाई दिसत नाही. तेव्हा मी साक्षीदाराच्या पिंजऱ्यात उभा राहिलो, कठड्यावर कागद ठेवले आणि प्रश्न लिहून घ्यायचा, मान वर करून उत्तर द्यायचं, मान खाली घालून ते उत्तर लिहायचं, असा प्रकार सुरू झाला.

साहेबांनी विचारलं की हे वाक्य आपल्याला उद्देशून कोणी कधी उच्चारलं आहे काय. मी सांगितलं, हो, माझ्या मावशीने. कधी? मी म्हणालो, साधारण रोज; जेवायला उशिरा आलो की, चिखलाचे पाय घेऊन घरात शिरलो की. या वाक्यानंतर तिने आपल्याला काही इजा केली का? मी म्हणालो, नाही, ती जेवायला वाढायची. मागच्या बाकांवर खसखस पिकली. तरुण अधिकारी उठला आणि त्याने सुरीवर बोट ठेवलं. असं बोलताना मावशीच्या हातात हत्यार असे का? मला शपथेवर खरं सांगणं भाग होतं. मी म्हणालो की ती बहुतेक वेळा विळीवर बसलेली असे. विळी म्हणजे काय ते मी हाताने करून दाखवलं. त्या उभ्या पात्याची लांबी बघून पुढच्या बाकावरच्या एका मडमेने तोंडावर हात ठेवला. तरीही आपण जिवंत आहात, असं साहेब म्हणाले, आणि हे विधान मी लिहून घेतलं.

मग प्रेत बसवणे म्हणजे नक्की काय, असं अधिकाऱ्याने विचारलं, आणि मी अडलो. आजवर त्याचा अर्थ लावायची पाळीच आली नव्हती. मी म्हणालो की अर्थ मला माहीत नाही, आमच्याकडे कोणी अर्थाकडे बघत नाही. तेव्हा साहेबांनी शेवटचा प्रश्न विचारला. हे वाक्य लोक कोणाला म्हणतात?

मला सुचलं ते मी बोललो. ‘आपल्या माणसाला म्हणतात. परक्याला इतकं जवळचं कोणी बोलत नाही.’

कासमचाचा मान खाली घालून उभा होता. कंत्राटदार माझ्याकडे बघत होता आणि मला वाटतं त्याच्या चेहऱ्यावरचा राग थोडा गोंधळला होता. साहेबांनी निकाल राखून ठेवला नाही. माझ्या नोकरीत असं एवढं एकदाच झालं. त्यांनी सांगितलं की आरोपीने फिर्यादीला घरच्या माणसासारखं वागवलं एवढंच सिद्ध होतं आणि त्याला कायद्यात शिक्षा नाही. शिवाय तयार कालवणात न विचारता डब्यातलं दूध ओतणं ही गंभीर स्वरूपाची चिथावणी आहे, असंही त्यांनी नोंदवलं. कासमचाचा सुटला. त्याने हात जोडले आणि तिथेच खाली बसला.

पण कोर्ट सोडून देतं म्हणून मालक ठेवून घेतोच असं नाही. कंत्राटदाराने त्याला त्याच दुपारी काढून टाकलं. आम्हा मराठी कारकुनांची एक खाणावळ होती, सहा-सात जणांची. आम्ही कासमचाचाला तिथे स्वयंपाकाला घेतलं. कंत्राटदाराने साहेबांना ब्रिजला बोलावणं बंद केलं. त्याच्या मागे इतरांनीही बंद केलं. चार बंद लिफाफे साहेबांच्या कपाटात पडून राहिले. गोऱ्यांच्या वस्तीत अशी कुजबूज उठली की जज्जाला खानसामा हवा होता म्हणून त्याने सोडून दिला. साहेबांच्या कानावर ते गेलं. स्वयंपाकी ठेवायचं तर सोडाच, ते आणखी कडक झाले. घरी डब्यातलं सार्डिन खात. मी एकदा म्हणालो की शुक्रवारी आमच्याकडे जेवायला या, कासमचाचाने आग्रहाने बोलावलंय. साहेबांच्या डोळ्यांत पाणी यायचं बाकी राहिलं. पण म्हणाले, ‘अपिलाची मुदत संपलेली नाही, जोगळेकर. तोपर्यंत आरोपीच्या हातचं खाणं उचित नव्हे.’

मग मुदत संपेपर्यंत त्यांनी सार्डिन खाल्लं. मुदत संपली त्यानंतरच्या पहिल्या शुक्रवारी दाराची कडी वाजली. साहेब कोट-टाय घालून, हातात कलिंगड घेऊन उभे होते. त्यांच्यासाठी आम्ही खुर्ची मांडली होती. ती त्यांनी बाजूला सारली आणि आमच्याबरोबर सतरंजीवर बसले. पहिला घास त्यांनी सावकाश चावून खाल्ला. कासमचाचा दारात उभा राहून त्यांच्या जबड्याची हालचाल बघत होता. शेवटी साहेब म्हणाले, ‘सदरहू कालवण निर्दोष आहे.’

त्यानंतर दर शुक्रवारी ते येऊ लागले. जेवण झाल्यावर आमच्याबरोबर झब्बू खेळत. झब्बू हा खेळ इतक्या गांभीर्याने खेळणारा माणूस मी पुन्हा पाहिला नाही. कोणाला झब्बू द्यायच्या आधी ते त्याला आपलं काही म्हणणं आहे का असं विचारत. एकदा बोलता बोलता मी त्यांना म्हणालो की रत्नागिरीत इतकी वर्षं काढलीत, तुम्हालाही कोणी ना कोणी मुडदा बशिवला म्हटलंच असेल. साहेब पत्ते लावत म्हणाले, ‘नाही. मला सगळे हुजूर म्हणत.’ आणि खेळायला लागले. कासमचाचा आतून ऐकत होता.

त्यानंतरच्याच एका शुक्रवारी साहेबांनी स्वतःच वाढून घ्यायला म्हणून चुलीवरून नुकत्याच उतरवलेल्या पातेल्याकडे उघडा हात नेला. कासमचाचा आतून ओरडला, ‘अरे मेल्या, हात भाजंल ना!’ आम्ही सगळे थिजलो. कासमचाचाही थिजला, तो मुद्दाम बोलला नव्हता एवढं मी खात्रीने सांगतो. साहेबांनी हात मागे घेतला. त्यांचा आधीच लाल असलेला चेहरा आणखी लाल झाला आणि त्यावर असं काही हसू पसरलं की मी तिकडून नजर काढून भाताकडे बघू लागलो. निघताना दारात त्यांनी मला हळूच विचारलं की शब्द ‘मेल्या’ असाच होता ना, आपली ऐकण्यात काही चूक तर झाली नाही. मी सांगितलं की नाही, तोच होता. साहेब समाधानाने गाडीत बसले आणि गल्लीच्या तोंडाशी, पुढेमागे कोणी नसताना, हात बाहेर काढून वळण्याची खूण करून गेले.

एकसष्ट साली कुवेत स्वतंत्र झालं आणि सगळे खटले कुवेतच्याच न्यायालयांकडे गेले. साहेबांना त्याचं दुःख झालं नाही. ज्याचं घर त्यानेच भांडण मिटवावं, हे रास्त आहे, असं ते म्हणाले. शेवटच्या दिवशी एकही काम नव्हतं. तरी ते झगा घालून खुर्चीवर बसले, कारण कोर्टाची वेळ संपेपर्यंत कोर्ट उठत नाही. मी खाली कोरे कागद घेऊन बसलो. आम्ही समुद्राचा आवाज ऐकत बसलो. वेळ झाली तशी ते उठले, मी उठलो, त्यांनी मला नमस्कार केला. विलायतेला बहिणीकडे गेले.

मी एका व्यापारी कंपनीत लागलो, लग्न झालेलं होतंच, बिऱ्हाड सालमिया या उपनगरात हलवलं. चार-पाच वर्षं गेली असतील. एक दिवस विमानतळावरून फोन आला, ‘जोगळेकर, मी येथे उतरलेलो आहे. दोन दिवस आश्रय मिळेल काय?’ मी टॅक्सी करून धावलो. साहेब वाकले होते, काठी आली होती. हिंदुस्थानातून परत चालले होते. खास रत्नागिरीला जाऊन आले होते. मी विचारलं, कसं झालं. तर म्हणाले, ‘मला तेथे कोणी मराठी बोलू दिले नाही. मी मराठीत विचारावे, त्यांनी इंग्रजीत उत्तर द्यावे. टांगेवालासुद्धा यस सर म्हणाला. म्हणून येथे उतरलो.’

घरी माझी मुलगी चित्रा होती, पहिलीत जाणारी. साहेबांनी तिला नाव विचारलं. ती म्हणाली, ‘माय नेम इज चित्रा.’ सालमियातली सगळीच पोरं तशी. आम्ही मराठीत बोलायचं, त्यांनी इंग्रजीत उत्तर द्यायचं. माझ्या बायकोने सांगितलं की हिला कळतं सगळं, बोलत नाही एवढंच. साहेबांनी चित्राकडे बघितलं. मग, जन्मात कधी खोटं न बोललेला हा माणूस अगदी गंभीरपणे तिला म्हणाला, ‘बाळ, मला इंग्रजी येत नाही.’

चित्राचा विश्वास बसला नाही. तिने त्यांना हाऊ ओल्ड आर यू विचारून पाहिलं. साहेबांनी माझ्याकडे वळून विचारलं की ही काय म्हणते. तिने व्हाय आर यू सो रेड विचारलं. साहेब नुसते डोळे मिचकावत बसले. शेवटी चित्राचा नाइलाज झाला. ‘तुम्ही… इतके… लाल का?’ असं तिने एकेक शब्द शोधत विचारलं, आणि साहेबांनी तिला उन्हाची सगळी गोष्ट सांगितली. दोन दिवस ते दोघं गच्चीवर बसून होते. तिने त्यांना शाळा सांगितली, त्यांनी तिला फणस सांगितला. ती चुकली की ते थांबत, बरोबर शब्द सांगत आणि पुढे ऐकत. कासमचाचा आता गावी गेला होता, घरावर छप्पर चढलं होतं. ते कळल्यावर साहेबांनी मला दोनदा विचारलं की कौलं मंगलोरी का साधी.

निघायच्या दिवशी चित्रा विमानतळावर यायचं म्हणून हटून बसली. तिथे खिडकीवरच्या अधिकाऱ्याने साहेबांचा विलायती पासपोर्ट उघडला आणि इंग्रजीत विचारलं की कुठे चाललात. साहेबांनी तोंड उघडलं, आणि त्यांचं लक्ष खाली, टक लावून बघणाऱ्या चित्राकडे गेलं. त्यांनी तोंड मिटलं. मग माझ्याकडे वळून म्हणाले, ‘हे गृहस्थ काय विचारतात?’ मी मराठीत सांगितलं, त्यांनी मराठीत उत्तर दिलं, मी ते इंग्रजीत सांगितलं. अधिकाऱ्याने पासपोर्टावरचा फोटो पुन्हा नीट पाहिला, साहेबांकडे पाहिलं, आणि शिक्का मारला.

चित्राने त्यांना विचारलं, ‘आजोबा, तुमच्या घरी मराठी कोण बोलतं?’

बहीण दोन वर्षांपूर्वी गेल्याचं मला तोवर माहीत नव्हतं. साहेब म्हणाले, ‘कोणी नाही. एक मांजर आहे. मी त्याच्याशी बोलतो. ते ऐकते सगळे, पण उत्तर इंग्रजीत देते.’

‘तुम्हाला इंग्रजी येत नाही ना? मग ते इंग्रजी आहे हे तुम्हाला कसं कळतं?’

साहेबांनी आयुष्यभर उलटतपासण्या ऐकल्या होत्या. ते डगमगले नाहीत. ‘मला काही कळत नाही, म्हणूनच ते इंग्रजी असले पाहिजे,’ असं म्हणून त्यांनी तिच्या डोक्यावर हात ठेवला आणि काठी टेकत विमानाकडे चालू लागले.

परतताना टॅक्सीत चित्रा खिडकीशी बसली होती. सालमिया जवळ आलं तेव्हा तिने विचारलं, ‘बाबा, ते मांजर मेलं तर?’ मी समुद्राकडे बघत राहिलो. टॅक्सी घराशी थांबली, तिला समोरच्या गॅलरीत मैत्रीण दिसली, आणि तिला हाक मारत ती जिना चढून गेली, इंग्रजीत.